कायदा बड्यांसाठी, कुलूप छोट्यांच्या दाराला

सकाळचे कोणतेही मराठी वृत्तपत्र उघडा. आतल्या एखाद्या पानावर बारीक टायपातल्या चौकटी दिसतील. वर मथळा 'ताबा सूचना'. खाली कर्जदाराचे नाव, सहकर्जदार म्हणून पत्नीचे नाव, जामीनदार, थकलेली रक्कम आणि शेवटी मालमत्तेचे वर्णन : दुसरा मजला, साडेतीनशे-चारशे चौरस फुटांचा फ्लॅट, मौजे अमुक, तालुका अंबरनाथ, कल्याण, वसई, हवेली. आपण हे पान उलटून पुढे जातो. ते उलटू नये, नावे वाचावीत. कांबळे, गायकवाड, वाघमारे, सोनवणे, पवार, शेख अशी आपल्या वस्तीतली आडनावे तेथे भेटतात. बाप गिरणीत, रेल्वेत किंवा महापालिकेत राबला आणि मुलाने घराण्यात पहिल्यांदा स्वतःच्या नावावर घर घेतले, अशा घरांची ही नावे आहेत.

ज्या कायद्याखाली या सूचना निघतात, तो कायदा मात्र या लोकांसाठी झालेलाच नव्हता. हे आज सोयीस्करपणे विसरले गेले आहे.

या कायद्याचे नाव इतके लांबलचक आहे की वकील, बँकवाले आणि वसुलीला येणारी पोरेसुद्धा त्याला 'सरफेसी' एवढेच म्हणतात. १९९८ च्या नरसिंहम समितीने आणि त्यानंतर अंध्यारुजिना समितीने शिफारस केली की, बँकांना थकीत कर्जाच्या वसुलीसाठी दिवाणी न्यायालयाच्या फेऱ्या मारायला लावू नयेत, तारण ठेवलेली मालमत्ता त्यांना परस्पर ताब्यात घेऊ द्यावी. वाजपेयी सरकारने २१ जून २००२ रोजी तसा अध्यादेश काढला आणि वर्षअखेरीस त्याचा कायदा झाला. तेव्हा देशाला काय सांगितले गेले? कोट्यवधी रुपये बुडवणारे कारखानदार वर्षानुवर्षे न्यायालयात तारखा घेत बसतात, त्यांना चाप लावायचा आहे. कोणाला पटणार नाही ही गोष्ट? आपल्यालाही पटली होती. पण २००३ साली गृहवित्त कंपन्यांनाही हे हत्यार देण्यात आले आणि कारखानदारांसाठी विणलेले जाळे चाळीस-पन्नास हजार पगारवाल्यांच्या दारात येऊन पडले. कायद्याची खालची मर्यादा आहे फक्त एक लाख रुपये! त्यापुढचे कोणतेही गृहकर्ज या जाळ्यात येते.

आता हे जाळे कसे काम करते ते नीट समजून घेतले पाहिजे, कारण आपले बहुतेक लोक येथेच फसतात.

हप्ता नव्वद दिवस थकला की खाते 'एनपीए' म्हणजे अनुत्पादक ठरते. रिझर्व्ह बँकेने नोव्हेंबर २०२१ मध्ये स्पष्ट केले की, एकदा खाते एनपीए झाले की सगळी थकबाकी भरल्याशिवाय ते पूर्ववत होत नाही. म्हणजे घाबरून एक हप्ता भरला, बँकेने तो घेतला आणि पावतीही दिली, तरी संकट टळलेले नसते. त्यानंतर कलम १३(२) ची नोटीस येते. बहुधा इंग्रजीत, सात-आठ पानांची. ती साठ दिवसांत संपूर्ण कर्ज भरा असे सांगते, फक्त थकलेले हप्ते नव्हे. या साठ दिवसांत कर्जदाराला लेखी हरकत घेता येते आणि बँकेने पंधरा दिवसांत त्या हरकतीला कारणांसह उत्तर दिले पाहिजे, असे कलम १३(३क) सांगते. हे उत्तर देणे बंधनकारक आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१८ साली ब्ल्यू कोस्ट हॉटेल्सच्या प्रकरणात म्हटले आहे. परंतु हरकतच घेतली नाही तर उत्तर कशाचे देणार? आपले लोक नोटीस कपाटात ठेवतात, किंवा शाखेत जाऊन साहेबाला तोंडी विनवतात. साहेब 'बघू' म्हणतो. त्या 'बघू'ची नोंद कुठेही होत नाही.

साठ दिवस संपले की दारावर नोटीस चिकटते आणि दोन वृत्तपत्रांत, त्यातल्या एका स्थानिक भाषेच्या पत्रात, ती छापून येते. हा झाला कागदोपत्री ताबा. माणसे घरातच असतात, म्हणून त्यांना वाटते अजून काही झालेले नाही. प्रत्यक्ष ताब्यासाठी बँक जिल्हाधिकारी किंवा मुख्य न्यायदंडाधिकारी यांच्याकडे कलम १४ खाली अर्ज करते. तेथे बँकेने नऊ मुद्द्यांचे प्रतिज्ञापत्र द्यायचे आणि अधिकाऱ्याने तीस दिवसांत, फार तर साठ दिवसांत आदेश काढायचा. या टप्प्यावर कर्जदाराचे म्हणणे ऐकून वाद सोडवणे हे त्या अधिकाऱ्याचे कामच नाही, असा सर्वोच्च न्यायालयाचा २०२२ चा निकाल आहे. हे प्रकरण महाराष्ट्रातलेच होते. मग एके दिवशी सकाळी महसूल खात्याचा माणूस, पोलीस आणि बँकेचा अधिकृत अधिकारी कुलूप घेऊन येतात. भांडीकुंडी जिन्यात येतात, शेजारी दाराच्या फटीतून बघतात.

कायद्यात दाद मागायची जागा नाही असे नाही. कलम १७ खाली ४५ दिवसांत कर्जवसुली न्यायाधिकरणाकडे, ज्याला सगळे 'डीआरटी' म्हणतात, अर्ज करता येतो. मूळ कायद्यात तर या अर्जासाठी बँकेच्या मागणीच्या ७५ टक्के रक्कम आधी भरा अशी अट होती! मार्डिया केमिकल्सच्या खटल्यात एप्रिल २००४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती अट जुलमी ठरवून रद्द केली. बाकी कायदा मात्र वैध ठरवला. ज्याच्याकडे ७५ टक्के रक्कम असेल तो हप्ता कशाला थकवेल, हे कायदा करणाऱ्यांना कळत नव्हते असे कोणी समजू नये. वरच्या अपिलासाठी ५० टक्के, आणि अपील न्यायाधिकरणाने दया दाखवलीच तर किमान २५ टक्के भरण्याची अट आजही कायम आहे. वीस लाखांच्या मागणीवर पाच लाख रुपये आधी भरायचे, मग न्याय मागायचा.

दिवाणी न्यायालयाचे दार कलम ३४ ने बंद केले आहे. राहिले उच्च न्यायालय. तेथे रिट याचिकेत पूर्वी थोडाफार दिलासा मिळे. २०१० साली युनायटेड बँक ऑफ इंडियाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने उच्च न्यायालयांना बजावले की, डीआरटीचा मार्ग उपलब्ध असताना अशा याचिका दाखल करून घेऊ नका. त्यानंतर हेच पुन्हा पुन्हा बजावले गेले आहे. म्हणजे माणसाने जायचे कुठे, तर डीआरटीत. आणि डीआरटी आहे कुठे? आपल्या राज्यात मुंबई, पुणे, नागपूर, छत्रपती संभाजीनगर अशा मोजक्याच शहरांत. आडगावच्या माणसाला एका तारखेसाठी एक दिवसाचा पगार आणि वकिलाची फी मोजावी लागते. न्यायाधिकरणांतील पदे रिकामी ठेवल्याबद्दल २०२१ साली सर्वोच्च न्यायालयानेच केंद्र सरकारला खडे बोल सुनावले होते. बँकेचे घड्याळ मात्र पीठासीन अधिकारी नाही म्हणून थांबत नाही.

२०१६ च्या दुरुस्तीने एक फार मोठा हक्क गुपचूप आखडून घेतला आणि त्याची चर्चा आपल्या कोणत्याही व्यासपीठावर झाली नाही. गहाण सोडवून घेण्याचा हक्क हा कर्जदाराचा शेवटचा आधार. पूर्वी विक्रीसाठी ठरलेल्या तारखेपर्यंत पैसे भरून घर वाचवता येत असे. २०१४ च्या एका निकालात तर सर्वोच्च न्यायालयाने या हक्काचे जोरदार समर्थन केले होते. दुरुस्तीनंतर कलम १३(८) चे शब्द बदलले. आता लिलावाची जाहीर सूचना प्रसिद्ध होईपर्यंतच ही मुभा आहे. सप्टेंबर २०२३ मध्ये सेलीर विरुद्ध बाफना मोटर्स या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने त्यावर शिक्कामोर्तब केले. त्या प्रकरणात लिलावात बोली लागली होती सुमारे १०५ कोटींची, तर कर्जदार कंपनी १२९ कोटी भरून मालमत्ता सोडवायला तयार होती. उच्च न्यायालयाने तिला परवानगी दिली, सर्वोच्च न्यायालयाने ती उलटवली. लिलावाचे पावित्र्य राखले पाहिजे, हा त्यामागचा विचार. २०२५ च्या आणखी एका निकालात हीच भूमिका कायम राहिली. मात्र कलम आणि नियम यांच्या शब्दांत मेळ नाही, सरकारने त्यात लक्ष घालावे, असेही न्यायालयाला म्हणावे लागले.

शंभर कोटींच्या कंपन्यांच्या भांडणातून निघालेला हा नियम आता बदलापूरच्या वन बीएचकेला लागतो. आपल्याकडे माणूस पैसे केव्हा उभे करतो? लिलावाची नोटीस पाहिल्यावर! तेव्हा कुठे भाऊबंद हलतात, बहीण मंगळसूत्र काढून देते, मामा फंडातून रक्कम काढतो. आणि नेमका त्याच दिवशी कायदा म्हणतो, तुझा हक्क कालच संपला. त्यानंतर पैसे घेऊन खाते मिटवायचे की नाही, हा हक्काचा प्रश्न राहत नाही.

भाडेकरूंचा प्रश्न याहून वेगळा. मालकाने चाळ गहाण टाकली आणि कर्ज बुडवले तर वर्षानुवर्षे भाडे भरणाऱ्याचे काय? २०१६ साली मुंबईच्याच प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने भाडे नियंत्रण कायद्याचे संरक्षण सरफेसीने हिरावले जात नाही असे ठरवले. पण २०१९ च्या निकालाने पुराव्याची अट कडक केली. भाडेपावती, वीजबिल, करारनामा जपून ठेवणाऱ्यालाच हे संरक्षण उपयोगी पडेल.

सहकारी बँकांना हा कायदा लागू आहे की नाही, हा वाद बरीच वर्षे चालला. कोल्हापूर जिल्ह्यातल्या मुरगूडच्या विश्वासराव पाटील सहकारी बँकेच्या प्रकरणात मे २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने तो लागू आहे असा निर्णय दिला. तेव्हा 'आपली' म्हणून ज्या जिल्हा-तालुक्याच्या बँकेत कर्ज काढले, तीही आता कुलूप घेऊन येऊ शकते. पतसंस्थांचा मार्ग निराळा. त्या सहकार कायद्याच्या कलम १०१ खाली वसुली दाखला काढतात.

आता कोणी म्हणेल, कर्ज घेतले तर फेडायला नको का? फेडलेच पाहिजे. बँकेतला पैसा ठेवीदारांचा असतो आणि ठेवीदारही आपलेच असतात. २०१९ साली पीएमसी बँकेवर निर्बंध आले तेव्हा तिच्या दारात रडणारी माणसे धनदांडगी नव्हती. कर्ज बुडवण्याचा हक्क कोणी मागत नाही. प्रश्न असा आहे की, फेडण्याची सक्ती सगळ्यांना सारखी आहे काय?

व्हिडिओकॉन समूहाचे उदाहरण घ्या. मान्य झालेले दावे सुमारे ६४,८०० कोटी रुपयांचे. जून २०२१ मध्ये मुंबईच्या कंपनी न्यायाधिकरणाने मंजूर केलेली योजना होती सुमारे २,९६२ कोटींची. घेणारा जवळजवळ काहीच देत नाही, हे न्यायाधिकरणानेच नोंदवले होते. पुढे जानेवारी २०२२ मध्ये अपील न्यायाधिकरणाने ती मंजुरी रद्द केली. परंतु धनकोंच्या समितीत बसून बँकांनी ती योजना आधी मान्य केली होती, हे विसरता येत नाही. शंभरातले पंचाण्णव रुपये सोडायला तयार झालेल्या याच बँका वीस लाखांच्या कर्जदाराला दंडव्याजाचे वीस हजार सोडत नाहीत. डिसेंबर २०२२ मध्ये अर्थमंत्र्यांनी राज्यसभेत सांगितले की, आधीच्या पाच आर्थिक वर्षांत बँकांनी दहा लाख कोटींहून अधिक कर्जे निर्लेखित केली. निर्लेखन म्हणजे माफी नव्हे, वसुली चालूच राहते, असा खुलासा सरकार नेहमी करते आणि तांत्रिकदृष्ट्या तो बरोबर आहे. पण त्याच उत्तरात अशा निर्लेखित खात्यांतून त्या पाच वर्षांत परत आलेली रक्कम १ लाख ३२ हजार कोटी इतकीच सांगितली आहे. जून २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने मुद्दाम कर्ज बुडवणाऱ्यांशीही तडजोड करण्याची वाट बँकांना मोकळी करून दिली. बँक कर्मचाऱ्यांच्या संघटनांनी त्याला विरोध केला होता.

परंतु माझ्या मते या कायद्यातला खरा भेदभाव आणखी खोल आहे आणि तो कलम ३१ मध्ये दडला आहे. हा कायदा कशाला लागू नाही, त्याची यादी त्या कलमात आहे. त्यात शेतजमीन आहे. शेतकऱ्याची जमीन बँकेने परस्पर विकू नये हे योग्यच झाले, त्याबद्दल तक्रार नाही. पण ज्याच्या बापजाद्याला जमीनच मिळाली नाही, त्याचे काय? त्याची एकमेव मालमत्ता म्हणजे त्याचे घर आणि घर या यादीत नाही. १९०८ च्या, म्हणजे इंग्रजांच्या काळातल्या दिवाणी प्रक्रिया संहितेचे कलम ६० शेतकरी, मजूर आणि घरगडी यांचे राहते घर जप्तीतून वगळते. सरफेसीच्या कलम ३१ ने त्या यादीचा हवाला तर दिला, पण कंसात चार शब्द घालून कर्जासाठी गहाण असलेली मालमत्ता त्यातून वगळून टाकली. गृहकर्ज गहाणाशिवाय मिळतच नाही. म्हणजे कलम ६० ने मजुराच्या झोपडीला दिलेला आडोसा स्वतंत्र भारताच्या संसदेने एका कंसात काढून घेतला!

ज्या समाजाला भूमिहीन ठेवले गेले, त्याला या भेदाचा अर्थ वेगळा समजावून सांगायची गरज नाही. प. पू. बाबासाहेबांनी १९३७ साली मुंबईच्या विधिमंडळात खोती नष्ट करण्याचे विधेयक आणले ते याच जाणिवेतून. राबणाऱ्याच्या डोक्यावर कर्ज, सारा आणि बेदखलीची टांगती तलवार असेल तर त्याच्या नागरिकत्वाला काही अर्थ उरत नाही. शहरात येऊनही आपल्याला भाड्याचे घर सहज मिळत नाही. एजंट आधी आडनाव विचारतो, मग खातेपिते काय ते विचारतो. म्हणून आपला माणूस पोटाला चिमटा काढून स्वतःचे घर घेतो. त्या घरावर निळा झेंडा लागतो, भिंतीवर बुद्ध आणि बाबासाहेबांची तसबीर लागते. इतरांचे एक घर गेले तर गावाकडे वाडा असतो, सासऱ्याची इस्टेट असते. आपल्याकडे घर गेले की पुन्हा रस्ता. निवारा हा जगण्याच्या हक्काचा भाग आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९६ च्या चमेली सिंग प्रकरणात सांगितले. ते प्रकरण अनुसूचित जातींच्या घरांसाठी घेतलेल्या जमिनीचे होते. तो विचार कलम १४ खालचा ताब्याचा आदेश निघताना कोणाला आठवतो?

हप्ता थकतो तो चैनीमुळे असेही नाही. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या नऊ-दहा महिन्यांत रेपो दर ४ टक्क्यांवरून ६.५ टक्क्यांवर गेला. वीस लाखांचे वीस वर्षांचे कर्ज सात टक्क्यांनी घेतले तर हप्ता साधारण १५,५०० रुपये. दर साडेनऊ झाला तर तोच हप्ता १८,६०० च्या घरात. कंत्राटी नोकरीत तीन हजार रुपये म्हणजे मुलाची फी. २०२५ पासून रेपो दर खाली आला, पण गृहवित्त कंपन्या बँकांप्रमाणे बाह्य दराला बांधलेल्या नाहीत. त्या आपला दर आपणच ठरवतात. आणि सरकारी बँकेने नाकारलेला कंत्राटी कामगार, रिक्षावाला, घरकाम करणारी बाई यांना कर्ज मिळते ते बहुधा याच कंपन्यांकडून, चढ्या दराने.

आपल्या राज्यात २०१४ चा सावकारी नियमन कायदा आहे. बेकायदा सावकारीत हडपलेली जमीन वा घर परत देण्याचा अधिकार त्यात सहकार खात्याच्या जिल्हा निबंधकाला आहे. बँका आणि वित्त कंपन्या या कायद्याच्या बाहेर. गावच्या सावकारापासून सोडवणारा अधिकारी आहे, काचेच्या दरवाजामागे बसलेल्या सावकारापासून सोडवणारा नाही.

आपल्या खासदार-आमदारांनी मागणी करायची तर ती कर्जमाफीची करू नये. एकच राहते घर असलेल्या कर्जदाराचे म्हणणे प्रत्यक्ष ताब्याआधी ऐकले गेले पाहिजे, गहाण सोडवण्याचा हक्क विक्री पक्की होईपर्यंत परत मिळाला पाहिजे, पहिली नोटीस कर्जदाराच्या भाषेत आली पाहिजे, आणि डीआरटीचे फिरते पीठ जिल्ह्याच्या ठिकाणी बसले पाहिजे. यातल्या एकाही गोष्टीने कोणत्याही बँकेचे दिवाळे निघणार नाही.

संसद हलेल तेव्हा हलेल. दरम्यान एक हक्क आजच आपल्या हातात आहे आणि तो जवळजवळ कोणी वापरत नाही. विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ चे कलम १२ अनुसूचित जाती-जमातीच्या व्यक्तीला आणि प्रत्येक स्त्रीला उत्पन्नाची अट न घालता मोफत वकील देते. त्या कायद्यातल्या 'न्यायालय' या शब्दात न्यायाधिकरणेही येतात, म्हणजे डीआरटीसुद्धा. १९९० च्या दुरुस्तीमुळे बौद्धांनाही केंद्राच्या यादीत अनुसूचित जातीचा लाभ आहे. मात्र जातीचा दाखला हाताशी हवा, नुसते 'बौद्ध' लिहून भागत नाही. बहुतेक गृहकर्जांत पत्नी सहकर्जदार असते, तिच्या नावाने अर्ज केला तर दाखल्याचाही प्रश्न उरत नाही. अर्ज जिल्हा न्यायालयाच्या आवारातील विधी सेवा प्राधिकरणाच्या कार्यालयात करायचा, राष्ट्रीय मदत क्रमांक १५१०० आहे.

आपल्या विहारांतून, कर्मचारी संघटनांतून आणि वकील संघांतून आठवड्याला एक संध्याकाळ या कामाला दिली तरी पुष्कळ घरे वाचतील. आलेल्या माणसाकडून पहिल्यांदा नोटिशीची तारीख विचारून घ्यावी. साठ दिवस उलटले नसतील तर त्याच संध्याकाळी लेखी हरकत तयार करावी : खात्याचा संपूर्ण उतारा मागावा, दंडआकार कसा लावला ते विचारावे, नोकरी गेल्याचा वा आजारपणाचा कागद जोडावा, तडजोडीचा प्रस्ताव रकमेसह लिहावा आणि पोच घेऊन बँकेत द्यावा. दारावर नोटीस लागली असेल तर त्या दिवसापासून ४५ दिवस मोजावेत. लिलावाची सूचना अजून छापून आलेली नसेल, तर नातेवाइकांकडून जे पैसे उभे राहणार आहेत ते त्याआधी उभे करायला सांगावे.